वाचकांचे प्रश्न : जपानी राक्षसपटांतील गोरे चेहरे

प्रश्न : १९६०च्या दशकातील जपानी राक्षसपटांत शास्त्रज्ञ, पोलीस किंवा लष्करी अधिकारी म्हणून तेच दोन-चार गोरे चेहरे पुनःपुन्हा दिसतात. हे हॉलीवूडचे नट होते का? आपल्याकडे टॉम अल्टर होते, तसा कोणी जपानी चित्रपटाला लाभला होता का?
— एक वाचक, मिरज

उत्तर : हॉलीवूडचा नट निक ॲडम्स याच्यासारखा एखादा पाहुणा सोडला, तर यांतील बहुतेक जण जपानमध्येच राहणारे परदेशी होते आणि अनेकांचा अभिनय हा मुख्य व्यवसाय नव्हता. तोहो या जपानी चित्रपट कंपनीच्या १९५७ सालच्या ‘द मिस्टेरियन्स’मध्ये दिसणारे जॉर्ज फर्नेस हे पेशाने वकील. दुसऱ्या महायुद्धानंतर जपानी नेत्यांवर चाललेल्या ज्या तोक्यो युद्धगुन्हे खटल्यात भारतीय न्यायमूर्ती राधाबिनोद पाल यांनी आपला प्रसिद्ध असहमतीचा निकाल दिला, त्याच खटल्यात माजी परराष्ट्रमंत्री मामोरु शिगेमित्सु यांच्या बचावाचे काम फर्नेस यांनी पाहिले होते. अशा मंडळींनी सूट घालून परिषदेच्या टेबलाशी गंभीर चेहऱ्याने बसावे, एवढीच दिग्दर्शकाची माफक अपेक्षा असे.

आपल्या प्रश्नाच्या उत्तरार्धाला जवळचे नाव म्हणजे रॉबर्ट डनहॅम. मोटारशर्यतींतही रमणारा हा अमेरिकी १९६१ सालच्या ‘मोथरा’त पोलीस अधिकारी म्हणून थोडक्यात येऊन जातो, पण १९६४ साली दिग्दर्शक इशिरो होंडा यांनी ‘डोगोरा’त त्याला मार्क जॅक्सन ही मोठी भूमिका दिली. अंतराळातून आलेला जेलीफिशसारखा प्राणी कार्बनच्या भुकेपोटी हिरे आणि कोळसा फस्त करत सुटतो, आणि त्याच वेळी हिरेचोरांची एक टोळीही धुमाकूळ घालत असते, अशी ही दुपदरी कथा आहे. जॅक्सन हा चोरांच्या मागावर आलेला माणूस. पण तो स्वतःच इतका बेरकी की तपासनीस कोमाईला (योसुके नात्सुकी) आधी त्याचाच संशय येतो. या दोघांची जुगलबंदी रंगते ती डनहॅम सफाईदार जपानी बोलतो म्हणून. कोमाईच्या टोमण्याला तो ज्या सहजतेने परतफेड करतो, ती पाठ केलेल्या उच्चारांतून साधणारी गोष्ट नव्हे. पुढच्याच वर्षी निक ॲडम्सने ‘इन्व्हेजन ऑफ ॲस्ट्रो-मॉन्स्टर’मध्ये आपले संवाद इंग्रजीत म्हटले, समोरच्या नटांनी जपानीत उत्तरे दिली आणि जपानी प्रतीत ॲडम्सला गोरो नाया यांचा आवाज देण्यात आला, हा फरक लक्षात घेतला की डनहॅमचे वेगळेपण कळते.

एवढे असूनही त्याची कारकीर्द फुलली नाही. दोष त्याच्यापेक्षा पटकथांचा होता, असे आम्हांस वाटते. परदेशी पात्र हवे असे ते परग्रहावरून आलेल्या संकटावर आंतरराष्ट्रीय बैठक भरवायला. शेजारी, नवरा, दुकानदार म्हणून त्याला कोणी कल्पिलेच नाही. १९६८ साली किंजी फुकासाकु यांच्या ‘द ग्रीन स्लाइम’मध्ये तो आहे, पण तिथे मुख्य कलाकारच परदेशी असल्याने त्याच्या जपानीचा उपयोग शून्य. १९७३ सालच्या ‘गॉडझिला व्हर्सेस मेगॅलॉन’मध्ये तर तो अणुचाचण्यांनी संतापलेल्या समुद्रतळच्या सीटोपिया या राज्याचा सम्राट झाला आहे : अंगावर पांढरा झगा, डोक्यावर मुकुट आणि काम काय, तर हुकूम सोडणे. हात राखून केलेल्या खर्चाच्या त्या चित्रपटातही तो भूमिका गांभीर्याने निभावतो, हे मात्र मान्य करावे लागेल.

त्यामुळे टॉम अल्टर यांच्याशी तुलना अर्धीच टिकते. अल्टर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले पूर्णवेळ नट होते आणि गोऱ्या साहेबाच्या साच्यापलीकडच्या भूमिकांसाठी त्यांना रंगभूमीही मोकळी होती. डनहॅमला साच्याबाहेर पडण्याची खरी संधी मिळाली ती जॅक्सनच्या रूपानेच. ‘डोगोरा’ पाहणार असाल, तर इंग्रजीत डब केलेली प्रत टाळून उपशीर्षके असलेली मूळ जपानी प्रतच मिळवावी.