एकत्रीकरणात शेजाऱ्याच्या गटात गेलेल्या जमिनीचा मालक कोण?

आजोबांच्या काळापासून तुमचे कुटुंब जो तुकडा कसत आले आहे, तो महाराष्ट्रातील एकत्रीकरण योजनेत (विखुरलेले तुकडे अदलाबदलीने एकत्र करून त्यांचे गट पाडण्याच्या योजनेत) शेजाऱ्याच्या गटात दाखवला गेला आणि आता त्याच आधारावर शेजाऱ्याने सरकारी मोजणीचा अर्ज केला आहे. सातबारा त्यांचा आणि वहिवाट तुमची असताना मालक कोण, असे तुम्ही विचारले आहे. माझ्या वडिलांनी याच कारणावरून अनेक वर्षे कचेऱ्यांचे उंबरठे झिजवले. त्यांचे कागद लावून देताना हा विषय मला शिकावा लागला, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

सातबाऱ्यावरील नोंदीने मालकी मिळत नाही, असे तुम्हाला अनेकजण सांगतील. साध्या फेरफाराच्या, म्हणजे हक्कातील बदलाच्या नोंदीच्या, बाबतीत ते बरोबर आहे, कारण महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १५७ प्रमाणे अशी नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते, याहून अधिक वजन तिला नसते. एकत्रीकरणाला मात्र हे वाक्य जसेच्या तसे लावू नका. १९४७ च्या तुकडेबंदी व एकत्रीकरण कायद्याखाली योजना कायम होऊन अमलात आली की अदलाबदलीत मिळालेल्या जमिनीत धारकाला तेच हक्क मिळतात, जे त्याला आपल्या मूळ जमिनीत होते. म्हणजे इथे सातबाऱ्यातील बदलाच्या मागे खुद्द योजना उभी असते. त्यामुळे तुमच्या प्रकरणात सर्वांत आधी एकच गोष्ट शोधायला हवी: तो तुकडा गेला तेव्हा आजोबांना त्याच्या बदल्यात दुसरी जमीन किंवा मोबदला मिळाला होता का?

बदल्यात दुसरी जमीन मिळाली असेल आणि ती आज तुमच्या गटात धरलेली असेल, तर शेजाऱ्याच्या म्हणण्यात तथ्य आहे, हे मनाला पटले नाही तरी मान्य करावे लागेल. गावोगाव असेच घडले आहे. कागदावर गट पडले, पण शेतकऱ्यांनी बांध हलवले नाहीत; जो जिथे नांगर धरत होता तो तिथेच राहिला, आणि दोन पिढ्यांनी कोणीतरी मोजणी आणली तेव्हा भांडण उभे राहिले. बदल्यात काहीच मिळाले नसेल, किंवा आजोबांचे क्षेत्र बेरजेतच कमी भरत असेल, तर योजनेत चूक आहे असे म्हणायला तुम्हाला आधार मिळतो.

हे तोंडी माहितीवरून ठरवू नका. तालुक्याच्या भूमि अभिलेख उपअधीक्षकांच्या कार्यालयातून एकत्रीकरण योजनेचा उतारा, त्या वेळी घेतलेले खातेदारांचे जबाब आणि गटाचा नकाशा यांच्या नकला मागवा. सोबत जुन्या सर्व्हे नंबरचा आकारबंद (क्षेत्र आणि आकारणीची नोंद), टिपण (मूळ मोजणीचे रेखाटन) आणि फाळणीचा, म्हणजे पोटहिश्श्यांचा, नकाशा घ्या. तहसील कार्यालयातून योजनेपूर्वीचे सातबारे आणि योजना अमलात आणणारा फेरफार घ्या. मग जुन्या प्रत्येक नंबराचे क्षेत्र कोणत्या गटात गेले, हे एका कागदावर समोरासमोर मांडा. आमच्या घरी हे काम सर्वांत शेवटी झाले. तोपर्यंत वडिलांचा अर्ज जमीन महसूल संहितेच्या कलम १५५ खाली तहसीलदारांपुढे पडून होता आणि तिथून तो फेटाळला गेला, कारण ते कलम महसुली अभिलेखातील लेखनचुकांसाठी आहे आणि आमची चूक खुद्द योजनेतच होती.

योजनेतील चूक केवळ लेखनाची किंवा आकडेमोडीची असेल आणि ती दुरुस्त केल्याने योजनेच्या गाभ्यात फरक पडत नसेल, तर एकत्रीकरण कायद्याच्या कलम ३१अ खाली दुरुस्ती होते. क्षेत्र एका खातेदाराकडून काढून दुसऱ्याकडे द्यावे लागणार असेल, तर कलम ३२ लागते. त्यात बदलाचा मसुदा प्रसिद्ध करून बाधितांना हरकतीसाठी एक महिना द्यावा लागतो. कलम ३२ मध्ये अर्जाला मुदत लिहिलेली नसली तरी हा अधिकार वाजवी काळातच वापरला पाहिजे, असे मुंबई उच्च न्यायालयाने म्हटले आहे. म्हणून पन्नास वर्षांनी आलेल्या अर्जात उशिराचे कारण पुराव्यासह मांडावे लागते, आणि ते अवघड असते.

दिवाणी दाव्याचा विचार असेल तर आधी एकत्रीकरण कायद्याचे कलम ३६अ आणि ३६ब वाचा. या कायद्याखालील अधिकाऱ्याने ठरवायचा प्रश्न दिवाणी न्यायालय ठरवू शकत नाही. दाव्यात तो निघाल्यास दावा थांबवून तो मुद्दा त्या अधिकाऱ्याकडे पाठवावा लागतो. वारसा, वाटप किंवा खरेदीखत यांवरून उठलेला मालकीचा वाद मात्र दिवाणी न्यायालयाचाच आहे. बारा वर्षांहून अधिक वहिवाट आहे म्हणून प्रतिकूल ताब्याचा, म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीवरील दीर्घ ताब्याने मालकी मिळाल्याचा, मुद्दा घ्यायचा असेल, तर नीट विचार करा: तो ताबा उघड, अखंड आणि मालकाचा हक्क नाकारणारा असावा लागतो, आणि ‘जमीन मूळची आमचीच’ हे म्हणणे त्याच्याशी जुळत नाही. कोणती बाजू धरायची, हे दावा लिहिण्याआधी वकिलांशी बसून ठरवा.

तुमच्या ताब्यात त्यांची आणि त्यांच्या ताब्यात तुमची जमीन, असे निघाले तर मला सलोखा योजनेचा मार्ग सर्वांत चांगला वाटतो. २०२३ मध्ये राज्य शासनाने, परस्परांच्या शेतजमिनीचा ताबा किमान बारा वर्षे असलेल्या शेतकऱ्यांसाठी, अदलाबदलीच्या दस्ताला १,००० रुपये मुद्रांक शुल्क आणि १,००० रुपये नोंदणी फी अशी सवलत दिली. सवलतीची मुदत दुय्यम निबंधकांकडे विचारून घ्या आणि तलाठ्यांकडे पंचनाम्यासाठी अर्ज करा. शेजारी आज तयार नसले, तरी नकला हाती आल्यावर त्या घेऊन त्यांच्याकडे एकदा जाऊन या.

मोजणीच्या दिवशी गैरहजर राहू नका. वहिवाट कोणाची, किती वर्षांची आणि हद्दीबाबत हरकत काय, हे जागेवरील जबाबात लिहून घ्यायला लावा आणि वाचल्याशिवाय सही करू नका. मोजणीच्या नकाशावर वहिवाटीची हद्द वेगळी दाखवली आहे का, तेही पाहा.