मृद्गंधा, मृदगंधा आणि आजींची माती

जिंतूरहून एका ताईंनी विचारलंय. मुलगी झाली, बारसं तोंडावर आलंय आणि नवराबायकोनं ‘मृद्गंधा’ हे नाव पक्कं केलंय. पण घरात एकमत होईना. नणंदबाई म्हणतात, सगळे ‘मृदगंधा’ लिहितात, तसंच लिहा. जाऊबाईंचं म्हणणं, मुळात ते ‘मृदुगंधा’ असणार, म्हणजे मंद सुवासाची. आणि आजेसासूबाईंनी तर सरळच विचारलं, “माय, लेकराच्या नावात माती कशाला घालायलात?” ताईंचे प्रश्न तीन: बरोबर शब्द कोणता, त्याचा अर्थ नेमका काय, आणि मुलीला हे नाव शोभतं का.

लिहिण्याचं आधी उरकतो. बरोबर रूप ‘मृद्गंधा’, म्हणजे द अर्धा आणि ग त्याला जोडलेला. संस्कृतात मातीला ‘मृद्’ म्हणतात. या शब्दाच्या शेवटी स्वर नाही, त्यामुळं पुढं जे अक्षर येईल तसा तो रंग बदलतो. त आला की मृत्तिका, म आला की मृण्मय, ग आला की मृद्गंध. जगत्‌चं जगद्गुरू होतं, भगवत्‌चं भगवद्गीता होतं, तीच ही चाल. नणंदबाईंची चूक मात्र समजण्यासारखी आहे, कारण ‘मृद’ असा पूर्ण द आपल्या डोळ्यांसमोर रोज असतो. सरकारी पाटीवर ‘मृद व जलसंधारण विभाग’ असंच लिहितात आणि तेही शुद्धच आहे. मराठीत असे शब्द सुटे लिहिताना पाय मोडत नाहीत: परिषद, क्वचित, शरद. पण समासात शिरला की शब्दाला संस्कृताचा कायदा लागतो. शरद एकटा असेल तेव्हा शरद, चंद्राला भेटला की शरच्चंद्र. मृदचंही तसंच. शिवाय ‘मृदगंधा’ लिहिलं तरी आपण वाचताना मधला अ गिळतो आणि उच्चार जवळपास ‘मृद्गंधा’ असाच होतो. कानाला फरक कळत नाही म्हणून हाताला चूक कळत नाही.

जाऊबाईंचा ‘मृदुगंधा’ हा वेगळा शब्द झाला, पण त्यांचं नाक अगदीच चुकलेलं नाही. मृद् आणि मृदू यांचं मूळ एकच सांगतात: ‘मृद्’ हा धातू, चुरडणे, दाबणे, मळणे. मर्दन त्यातूनच आलं. चुरडून भुगा झालेली ती मृद्, चुरडल्यासारखा मऊ तो मृदू. म्हणजे जाऊबाईंनी बहिणीच्या जागी बहीण उभी केली, एवढंच.

आता शेवटचा ‘गंधा’. हा बहुव्रीही समास आहे. मातीचा गंध जिला आहे ती मृद्गंधा. म्हणजे नावाचा अर्थ ‘मातीचा वास’ नाही, ‘मातीच्या वासाची’ असा आहे. मुलगी वास नव्हे, वासाची धनीण. महाभारतातली सत्यवती आधी मत्स्यगंधा होती, पराशरांच्या वरानं योजनगंधा झाली, तेव्हा या घराण्यात चांगले-वाईट सगळेच वास चालत आलेत. जाता जाता एक गंमत. मराठीत गंध म्हणजे कपाळावरचं गंधही. वारकरी लावतात ते गोपीचंदन मूळचं द्वारकेकडच्या पिवळसर मातीचं. कोणी हट्टानं ‘मृद्गंध’चा अर्थ ‘मातीचं गंध’ असा केला तर त्याला खोटं म्हणता येणार नाही.

खरी चर्चा पुढं आहे. ताईंनी प्रश्नात लिहिलंय, “पहिल्या पावसाचा सुगंध असा अर्थ आहे ना?” नामकोशांतही हाच अर्थ छापलेला असतो. पण शब्द उलगडून पाहा, त्यात पाऊस कुठं आहे? मृद् आहे, गंध आहे, पाण्याचा थेंबही नाही. पाऊस आपण वाचताना आणतो. आणि माझ्या मते या नावाची सगळी ओढ तिथंच आहे.

मराठीला वासांच्या शब्दांची वाण नाही. बेसन खमंग, भाकरी खरपूस, दूध लागलं तर करपट, पीठ फुगलं तर आंबूस, पावसाळ्यात न वाळलेला टॉवेल कुबट. घरातल्या प्रत्येक वासाला आपण नाव दिलं. आणि जो वास आला की माणसं जेवण टाकून ओसरीवर येतात, त्याला बोलीत स्वतंत्र शब्दच नाही. आमच्याकडं मृगाच्या तोंडावर वारं फिरलं, की म्हातारी माणसं नाक वर करून एवढंच म्हणतात: “मातीचा वास यायलाय.” म्हणजे पाऊस शेजारच्या शिवारात पोचला. ‘पावसाचा वास’ असं निदान माझ्या ऐकण्यातल्या जुन्या माणसांनी कधी म्हटलं नाही.

त्यांचं म्हणणं शास्त्राला धरून आहे, आणि तेही दोन शास्त्रांना. न्याय आणि वैशेषिक या जुन्या दर्शनांच्या पंडितांनी पृथ्वीची व्याख्याच ‘गंधवती’ अशी केली आहे. वास हा फक्त पृथ्वीचा गुण. पाण्याला वास येत असेल तर त्यात मिसळलेल्या पृथ्वीचा. यावर कोणी विचारलं, की मग दगडाला का वास येत नाही? तर नैयायिकांचं उत्तर तयार होतं: जाळून भस्म करा, येतो की नाही बघा. गीतेच्या सातव्या अध्यायात भगवंत पृथ्वीतला पुण्यगंध मीच असं म्हणतात. त्याला ज्ञानेश्वरीत ‘पृथ्वीच्या ठायीं गंधु’ असं सोपं रूप मिळालं. ज्ञानेश्वर आपेगावचे, पैठणजवळचे, म्हणजे आमच्याच मुलखातले. गोदाकाठच्या उन्हाळ्यानंतरचा वास त्यांना कोणी शिकवायची गरज नसावी.

दुसरं शास्त्र आजचं. 1964 मध्ये इझाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड थॉमस या ऑस्ट्रेलियातल्या दोन संशोधकांनी या वासाला ‘पेट्रिकोर’ हे नाव दिलं. ग्रीक पेट्रा म्हणजे दगड, इकोर म्हणजे देवांच्या नसांतून वाहणारं द्रव्य. कोरड्या दिवसांत झाडझाडोऱ्यातून आलेली तेलं माती-दगडांत मुरत राहतात आणि ओल लागली की बाहेर पडतात, असं त्यांनी दाखवलं. कोरड जितकी लांबते तितकं जास्त मुरतं. मराठवाड्यात हा वास असा अंगावर का येतो, ते यावरून कळावं. कनौजचे अत्तरवाले हाच वास भाजलेल्या मातीतून चंदनाच्या तेलात उतरवतात. ‘मिट्टी का अत्तर’ म्हणून तो विकला जातो, आणि त्याची दखल या दोघांनीही घेतली होती.

पुढच्याच वर्षी, 1965 मध्ये, मातीतले जिवाणू जे द्रव्य तयार करतात त्याचं नाव ठेवलं गेलं जिओस्मिन. ‘गे’ म्हणजे भूमी, ‘ऑस्मे’ म्हणजे गंध. शब्दशः मृद्गंधच! तेव्हा मृद्गंधला इंग्रजीत पेट्रिकोर म्हणतात असं सांगतात ते अर्धंच खरं. अर्थानं पेट्रिकोर जवळचा, पण घडणीनं जिओस्मिन हा सख्खा भाऊ. माणसाचं नाक हे द्रव्य लाख कोटी भागांत पाच-दहा भाग असलं तरी टिपतं. बीट खाताना माती खाल्ल्यासारखं वाटतं तेही याच्यामुळंच. 2015 मध्ये अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीच्या संशोधकांनी वेगवान कॅमेऱ्यानं थेंबांचं चित्रण केलं. थेंब सच्छिद्र जमिनीवर पडला की त्याखाली हवेचे बुडबुडे अडकतात, वर येऊन फुटतात आणि वास हवेत उडवतात. हे हलक्या, मध्यम सरीत चांगलं जमतं, धो धो पावसात नाही. वळवाच्या चार थेंबांनी अंगण घमघमतं आणि मुसळधार पावसात काहीच येत नाही, हा अनुभव ताईंनाही असेल.

आणि पेट्रिकोर जन्मायच्या दहा वर्षं आधी, 1954 मध्ये, विंदा करंदीकरांचा ‘मृद्गंध’ हा कवितासंग्रह निघाला होता. अर्ध्या द सकट. तेव्हा हे इंग्रजीवरून उचललेलं फॅशनचं नाव आहे असं कोणी म्हणालं तर हे साल सांगा.

आता आजी. त्यांची हरकत मी हसण्यावारी नेणार नाही, कारण या सगळ्या वादात बोलीचा अधिकार त्यांचा सगळ्यात मोठा. आमच्याकडं “मातीला गेलेत” म्हणजे अंत्यविधीला गेलेत. माती देणं, माती होणं, मातीत घालणं, एकही वाक्प्रचार पाळण्याजवळ उच्चारण्यासारखा नाही. शेतकऱ्याची ‘काळी आई’ खरी, पण ती शिवारातली. घरात माती शब्द आला की म्हातारं माणूस दचकतंच. आणि आजींना आणखी एक गोष्ट ऐकू येत असणार, ती त्यांनी सांगितली नसेल. बोलताना ‘मृ’ टिकत नाही. घाईत तो ‘मुर’ होतो आणि नाव होतं ‘मुर्दगंधा’. निजामाच्या राज्यात शतकं काढलेल्या, दखनी-उर्दू कानावर घेऊन वाढलेल्या मुलखात मुर्दा म्हणजे काय ते कोणाला सांगावं लागत नाही. शहरातल्या नामकोशाला हा धोका दिसत नाही, जिंतूरच्या ओसरीवर मात्र लगेच दिसतो.

तरी आजींना सांगण्यासारखं एक आहे. पूर्वी ज्या घरात लेकरं जगत नसत तिथं मुद्दाम कचरू, दगडू, धोंडू अशी नावं ठेवत, काळाची नजर लागू नये म्हणून. माती त्या मानानं राजघराण्यातली. कालिदासाच्या रघुवंशात राणी सुदक्षिणेला पोटात रघू असताना माती खायचे डोहाळे लागतात. राजा दिलीप एकांतात तिचं ‘मृत्सुरभि’ म्हणजे मातीनं सुगंधित मुख हुंगतो आणि त्याची तृप्तीच होत नाही. कशासारखी? उन्हाळा सरताना पहिल्या थेंबांनी शिंपडलेलं रानातलं डबकं हुंगणाऱ्या हत्तीसारखी. मातीचा वास, पहिला पाऊस आणि पोटातलं बाळ, तिन्ही एकाच श्लोकात. बाळंतिणीच्या घरात याहून चांगला दाखला मला सुचत नाही. (आता कोणा सुनेला असे डोहाळे लागले तर श्लोक म्हणत बसू नका, रक्त तपासून घ्या, बहुतेकदा लोह कमी असतं.) आजींना विचारा, तुम्हाला चुलीची भाजकी माती खावीशी वाटली होती का. बहुतेक हसतील.

माझं मत विचाराल तर नाव सुंदर आहे, पण सोपं नाही. कागदावर जितकं देखणं, तितकं तोंडात अवघड. माझ्या ओळखीत या नावाची एक मुलगी आहे. शाळेच्या दाखल्यावर ती ‘मृदगंधा’, बँकेच्या पासबुकावर ‘म्रुदगंधा’ आणि एका स्पर्धेच्या प्रमाणपत्रावर चक्क ‘मृदंगा’. मृदंग हाही परंपरेनं ‘मृद् ज्याचं अंग आहे तो’ असाच सोडवतात, तेव्हा निदान मातीशी नातं तुटलं नाही, असं तिचे वडील म्हणतात. रोमन लिपीत आपण ‘मृ’ला उकाराचं वळण देतो, हिंदीवाले इकाराचं. जन्मदाखल्यापासून आधारपर्यंत एकच काहीतरी धरा आणि ते सोडू नका. आणि मोबाइलवर लिहिताना द, मग पायमोड, मग ग. काही फॉन्टांत द्ग जुळत नाही आणि पायमोड उघडी दिसते. ती चूक फॉन्टची, तुमची नाही.

माती नको पण भूमी हवी, असा मधला मार्ग काढायचा झाला तर ‘उर्वी’ आहे, म्हणजे विस्तीर्ण अशी, पृथ्वी. तोंडात चटकन बसतं. ‘अवनी’ गेल्या काही वर्षांत इतकं झालंय की वर्गात एकीला हाक मारली तर तिघी वळतात. ‘गंधवती’ अर्थानं नेमकं पृथ्वीच, पण जरा पौराणिक वजनाचं. यातलं एकही पहिल्या सरीची आठवण आणत नाही, हे मान्य करून निवडा.

‘मृद्गंधा’च ठेवायचं असेल तर बारशाआधी एक करा. आजींना ओसरीवर बसवा आणि नाव न समजावता चार-पाच वेळा हाक मारायला लावा. ‘मुर्दगंधा’ झालं तर पुढचं आयुष्य तेच ऐकावं लागेल. पण माझा अंदाज आहे, दुसऱ्या-तिसऱ्या हाकेला त्या पुढचा अर्धा भाग सोडून देतील आणि ‘गंधा’ किंवा ‘गंधू’ म्हणतील. मग माती दाखल्यावर राहील आणि वास घरात. त्यांना तसं म्हणू द्या.