होकार दिला, म्हणून बोलायचे नाही का?

प्रश्न : मी ३६ वर्षांची असून राजारामपुरीत राहते. एकमेकांना सांगून बाहेरची नाती ठेवण्याचे आम्ही पती-पत्नीने दीड वर्षापूर्वी ठरवले. पतीच्या मैत्रिणीविषयी माझी तक्रार नव्हती. परंतु आम्ही दर रविवारी रंकाळ्यावर फिरतो, तेथेच ते तिला घेऊन गेल्याचे कळल्यापासून माझी झोप उडाली आहे. बोलले, तर ‘तूच हो म्हणाली होतीस’ असे उत्तर मिळते. माझे चुकते का? आणि हे सारे कायद्यात बसते का?

उत्तर : आपले चुकत नाही. दीड वर्षापूर्वीचा होकार म्हणजे काही खरेदीखत नव्हे. त्या वेळी कल्पनेत नसलेली गोष्ट समोर आली, की तो पुन्हा तपासून पाहण्याचा अधिकार दोघांनाही असतो. ‘मला मत्सर वाटतो’ एवढेच सांगितल्यास पती स्वतःचा बचाव करू लागतील. म्हणून नेमके काय दुखावले, ते सांगावे. पत्रावरून मला तरी असे दिसते, की आपल्याला मैत्रीण खुपत नसून दोघांची म्हणून जपलेली जागा वाटली गेल्याचे दुःख आहे. ‘तिला तेथे नेऊ नका’ हा दुसऱ्यावर घातलेला नियम झाला. ‘रविवारची संध्याकाळ आणि रंकाळा मला आपल्या दोघांसाठी हवा आहे, ते जमणार नसेल, तर ही व्यवस्था मला तूर्त थांबवावी लागेल’ ही आपली स्वतःची मर्यादा. ती उच्चारताना धमकीचा सूर मात्र नसावा, आणि पती मैत्रिणीला भेटून घरी परतल्या रात्रीच हा विषय काढू नये.

रंकाळ्यावर निम्मे कोल्हापूर भेटते, हेही विसरू नये. सासरच्या कोणी पाहिले, तर काय सांगायचे, हे आपण ठरवले होते का? जे ठरेल, ते त्या मैत्रिणीलाही कळले पाहिजे, कारण तिच्याही भावना यात गुंतलेल्या आहेत.

कायद्याविषयी : सर्वोच्च न्यायालयाने २७ सप्टेंबर २०१८ रोजी भारतीय दंड संहितेतील कलम ४९७ रद्द केल्यापासून व्यभिचार हा गुन्हा राहिलेला नाही. हिंदू विवाह कायदा, १९५५ नुसार तो घटस्फोटाचे कारण होऊ शकतो. मात्र त्या आधारे दाद मागणाऱ्याची त्याला संमती होती का, हे न्यायालय पाहते. पहिला विवाह कायम असताना दुसरा करणे हा मात्र आजही गुन्हा आहे.