चाल संगीतकाराची, मग अरेंजर काय करायचा?

प्रश्न: आमच्याकडे बाबा जुनी हिंदी गाणी लावतात आणि म्हणतात की त्यामागे सगळे गोव्याचे अरेंजर होते. चाल संगीतकाराने केली तर अरेंजर नेमकं काय करायचा? आणि ‘अमर अकबर अँथनी’मधला तो अँथनी गोन्साल्विस खरंच कुणी होता का?
– एक वाचक, कुडाळ

उत्तर: बाबांचं बरोबर आहे, अगदी सगळे नाही पण बरेचसे गोव्याचेच. त्या काळी संगीतकार पेटीवर चाल ऐकवायचे आणि बहुतेकांना पाश्चात्त्य नोटेशन, म्हणजे सूर कागदावर लिहायची पद्धत, यायची नाही. पण रेकॉर्डिंग तर गायक आणि अख्खा ऑर्केस्ट्रा एकत्र लाईव्ह, कुणी एक सूर चुकला की पुन्हा पहिल्यापासून, त्यामुळे प्रत्येक वादकासमोर त्याचा कागद लागायचाच. तो कागद लिहायचा अरेंजर. व्हायोलिन काय वाजवणार, चेलो कुठे येणार, ट्रम्पेट कुठे थांबणार, गायकाच्या ओळीमागे जी दुसरी धून चालते ती कोणती, हे सगळं. कडव्यांमधले म्युझिक पीसही पुष्कळदा त्यानेच बांधलेले असायचे, आणि आपण गुणगुणताना ते पीससुद्धा गुणगुणतो की!

गोव्याचेच का, तर पोर्तुगीज काळात तिथल्या चर्चच्या शाळांमधे मुलांना लहानपणीच स्वरलेखन वाचायला आणि व्हायोलिन वाजवायला शिकवायचे. हीच मुलं पुढे मुंबईत हॉटेलांच्या बँडमधे आणि तिथून स्टुडिओत आली. सॅबेस्टियन डिसोझा त्यातलं फार मोठं नाव, शंकर-जयकिशन या संगीतकार जोडीकडचे ते भरगच्च व्हायोलिन ऐका. पण टायटल्समधे काय दिसतं, तर ‘सहाय्यक’ म्हणून दत्ताराम आणि सॅबेस्टियन, तेही पटकन सरकून जातं. इतक्या मोठ्या कामाला एवढीच जागा, हे मला अजून पटत नाही.

आणि हो, अँथनी गोन्साल्विस खरेच होते. जन्म 1927, गाव गोव्यातलं माजोर्डा, वडील चर्चमधे कॉयर मास्टर, म्हणजे गायकवृंदाचे प्रमुख. 1943 मधे मुंबईत येऊन संगीतकार नौशादच्या ऑर्केस्ट्रात व्हायोलिन वाजवायला लागले, पुढे अरेंजर झाले. त्यांना मनापासून जे करायचं होतं ते म्हणजे आपले राग आणि पाश्चात्त्य हार्मनी (एकाच वेळी वाजणारे वेगवेगळे सूर) एकत्र आणणं, त्यासाठी 1958 मधे त्यांनी शंभराहून जास्त वादकांचा इंडियन सिंफनी ऑर्केस्ट्रा उभा केला, सेंट झेवियर्स कॉलेजच्या आवारात कार्यक्रम केला आणि गायला लता मंगेशकर, मन्ना डे! साठच्या दशकात ते अमेरिकेत सिराक्यूज युनिव्हर्सिटीत गेले, नंतर गोव्याला परतले ते पुन्हा सिनेमाकडे वळले नाहीत. 2012 मधे वारले.

‘अमर अकबर अँथनी’मधल्या 1977 च्या ‘माय नेम इज अँथनी गोन्साल्विस’ गाण्यात नाव आलं ते लक्ष्मीकांत-प्यारेलाल या संगीतकार जोडीतल्या प्यारेलालजींमुळे, प्यारेलालजी गोन्साल्विस यांच्याकडे व्हायोलिन शिकले होते, म्हणजे शिष्याने गुरूला केलेला नमस्कारच तो. दुर्दैव एवढंच की देशभर नाव तोंडी झालं आणि माणूस कुणाला माहीत नाही झाला. बाबांना हे नक्की सांगा, आणि पुढच्या वेळी गाणं लावाल तेव्हा गायकाचा आवाज थोडा बाजूला ठेवून फक्त मागची व्हायोलिन ऐका, हेडफोन लावून ऐकलंत तर अजून छान कळेल.