फळ्या फुगल्या, आता काय?

प्रश्न : आम्ही डोंबिवलीत तळमजल्यावर राहतो. दोन वर्षांपूर्वी बेडरूममध्ये लॅमिनेटच्या फळ्यांची फरशी बसवली. यंदा पावसात बाल्कनीच्या दाराजवळ सांध्यांच्या कडा वर आल्यात. फरशी रोज ओल्या फडक्याने पुसतो. वाळल्यावर त्या खाली बसतील का?

उत्तर : नाही बसणार. उगीच आशा लावत नाही. लॅमिनेटच्या वरच्या थरातून पाणी शिरत नाही, ते शिरतं सांध्यातून. आत दाबून घट्ट केलेला लाकडाचा भुसा असतो. तो एकदा फुगला की पूर्ववत होत नाही. अलिबागला आईच्या घरी फ्रिजमागे पाणी गळत होतं. तिथली फळी उचलली, तर तिची खाच भिजलेल्या टोस्टसारखी बोटात चुरली.

फळ्या बदलण्याआधी पाणी कुठून येतंय ते शोधा. बाल्कनीचं दार सरकतं असेल, तर ते ज्या खालच्या पट्टीत सरकतं तिच्यात तांब्याभर पाणी ओतून बघा. ते बाहेर न जाता साचलं, तर पट्टीची पाणी बाहेर जायची भोकं मातीने बुजलीत. सुईने मोकळी करा.

तळमजला आहे म्हणून खालच्या ओलीचीही मला शंका येते. भिंतीकडची एक ओळ काढा, उघड्या कोब्यावर हातभर प्लास्टिक चारही बाजूंनी चिकटपट्टीने पक्कं करा आणि 24 तास ठेवा. खाली दव जमलं किंवा कोबा काळपट पडला, तर ओल खालूनच येतेय. मग पाऊस सरून कोबा पुरता सुकेपर्यंत थांबा. दिवाळीनंतर 200 मायक्रॉनचा पॉलिथिन अंथरा, जोडावर वीतभर एकावर एक घ्या, कडा भिंतीवर थोड्या चढवा. त्यावर फोम, मग फळ्या. भिंतीलगत 8 ते 10 मिलिमीटर फट मोकळी हवीच, ती स्कर्टिंगखाली, म्हणजे भिंतीच्या तळाच्या पट्टीखाली, झाकली जाते. गवंड्याने तिथे सिमेंट भरलं असेल, तर खरवडून काढा.

रोजचं ओलं फडकं मात्र आजच बंद करा. पुसायला मावशी येत असतील, तर या खोलीसाठी त्यांना वेगळा मायक्रोफायबरचा मॉप द्या आणि एकदा जवळ उभं राहून दाखवा: इतका पिळायचा की पुसलेली जागा मिनिटभरात कोरडी व्हावी. वाफेचा मॉप तर नकोच, वाफ सरळ सांध्यात घुसते.

बसवताना उरलेल्या फळ्या जपल्या असतील, तर त्याच वापरा. नवीन घेतलेल्यांचा रंग हुबेहूब जुळेलच असं नाही. बसवण्याआधी त्या दोन दिवस त्याच खोलीत आडव्या ठेवा, भिंतीला टेकवून उभ्या नको.