वाचकांचे प्रश्न : उलट येताना पाव हिस्सा पावच राहतो का?

प्रश्न : मुलगी सातवीत आहे. शाब्दिक उदाहरणे ती शेवटाकडून सोडवते, पण पुढच्या उदाहरणात तिचे उत्तर पावणेएकोणीस क्विंटल येते. उत्तरसूचीत 20 दिले आहे. ‘शेतकऱ्याने सोयाबीनचा पाव हिस्सा मोंढ्यावर विकला. उरलेल्यातले 1 क्विंटल बियाण्याला ठेवले. मग जे राहिले त्याचा निम्मा भाग आणि वर 1 क्विंटल विकले. घरी 6 क्विंटल राहिले. एकूण माल किती?’ चूक कुठे होते?
– एक पालक, जिंतूर (जि. परभणी)

उत्तर : 20 बरोबर आहे, आणि मुलीची चूक फक्त शेवटच्या पायरीवर आहे.

उलट येताना जे सगळ्यात शेवटी घडले ते आधी फेडायचे. वरचे 1 क्विंटल शेवटी गेले, म्हणून 6 + 1 = 7. त्याआधी निम्मा माल गेला होता, म्हणून 7 × 2 = 14. बियाण्याचे 1 मिळवून 15. (काही मुले आधी दुप्पट करून मग 1 मिळवतात. त्यांचे 13 येतात आणि तिथूनच गणित फसते.)

आता पाव हिस्सा. मुलीने 15 चा पाव, म्हणजे 3.75 मिळवले. पण विकलेला पाव हिस्सा मूळ मालाचा होता, उरलेल्याचा नव्हे. मूळ मालाचे चार वाटे केले तर एक गेला, तीन राहिले. तीन वाटे मिळून 15, एक वाटा 5, चार वाटे 20. म्हणजे जाताना पाव वजा झाला, तर येताना उरलेल्याचा तिसरा हिस्सा मिळवावा लागतो. भास्कराचार्यांनी 1150 मध्ये लिहिलेल्या ‘लीलावती’त व्यस्तविधी (शेवटाकडून उलट येण्याची रीत) सांगताना हा नियम वेगळा दिला आहे: राशीतून (संख्येतून) तिचाच काही भाग वजा झाला असेल तर छेदातून अंश वजा करून नवा छेद घ्यावा, अंश तोच ठेवावा. इथे 4 − 1 = 3. उलट पाव वाढवला असता तर 4 + 1 = 5, म्हणजे येताना पाचवा हिस्सा वजा.

ताळा पाहायला सरळ चाला: 20 मधून 5 गेले, 15. बियाणे 1, राहिले 14. त्यातून 7 आणि 1 गेले, 6. हा ताळा प्रत्येक उदाहरणाला करायला लावा, तेवढ्याने 18.75 तिथल्या तिथे पकडले गेले असते.

आणखी एक खाचखळगा सांगून ठेवतो. ‘संख्येतून 35 वजा केले’ याचे उलट 35 मिळवणे. पण ‘100 मधून ती संख्या वजा केली, 35 उरले’ इथे मिळवायचे नाही. पुन्हा 100 मधूनच वजा करायचे: 65. भागाकाराचेही तसेच. 60 ला संख्येने भागून 4 आले, तर 60 ÷ 4 = 15.

प्रश्न : वयाच्या गणितांना ही रीत का लागत नाही?
– एक शिक्षिका, नांदेड

उत्तर : कारण तिथे अज्ञात संख्या दोन ठिकाणी येते. ‘वडिलांचे वय मुलाच्या तिप्पट, 12 वर्षांनी दुप्पट होईल’ यात मागे जायला शेवटचा आकडाच दिलेला नाही. तिथे सरळ समीकरण मांडावे: 3x + 12 = 2(x + 12). म्हणून x = 12. मुलगा 12, वडील 36. बारा वर्षांनी 24 आणि 48.