घर गहाण ठेवून पहिला सिनेमा?

प्रश्न: वय ३८. संकलक म्हणून नोकरी करतो. दोन लघुपट केलेत, आता पूर्ण लांबीचा सिनेमा करायचाय. नोकरी सोडून सगळी बचत घालायची आणि कमी पडेल तेवढं घरावर कर्ज काढायचं, असं ठरवतोय. पत्नी कमावते, मुलगी ७ वर्षांची आहे. अमेरिकन दिग्दर्शक केविन स्मिथने क्रेडिट कार्डांवर पहिला सिनेमा, ‘क्लर्क्स’, केलाच ना?

उत्तर: केला, २७,५७५ डॉलरमध्ये, आणि १९९४मध्ये तो विकलाही गेला. पण तेव्हा स्मिथ विशीतला होता, मूलबाळ नव्हतं. शिवाय नोकरी त्यानेही सोडली नव्हती! दिवसा ज्या दुकानात काम करायचा, तिथेच रात्री शूटिंग व्हायचं.

सिनेमा जरूर करा. घर मात्र त्यात ओढू नका.

तुम्ही पाठवलेल्या बजेटात शूटिंगचे २२ दिवस चहापाण्यासकट मांडलेत. त्यापुढच्या सगळ्यासाठी एकच ओळ आहे: ‘पोस्ट आणि फेस्टिव्हल’, म्हणजे शूटिंगनंतरचं काम आणि महोत्सव. खरी गळती तिथेच लागते. ध्वनिमिश्रण, कलर ग्रेडिंग (दृश्यांचे रंग जुळवणं), संगीताचे हक्क, सबटायटल्स, डीसीपी (थिएटरात दाखवायची डिजिटल प्रत), महोत्सवांच्या प्रवेश फिया. दिग्दर्शक रॉबर्ट रॉड्रिगेझचा पहिला सिनेमा ‘एल मारियाची’ सुमारे ७,००० डॉलरमध्ये झाला, हे सगळेच सांगतात. तो थिएटरात लावण्याजोगा करायला स्टुडिओने नंतर त्याच्या कित्येक पट पैसे ओतले, हे फारसं कुणी सांगत नाही.

विक्री झालीच, तरी पैसा उतरंडीने येतो. आधी विक्री एजंट आणि वितरक यांचं कमिशन, मग त्यांनी केलेला प्रसिद्धीचा खर्च, मग गुंतवणूकदार, आणि उरलंसुरलं तुमचं. कर्जाचा हप्ता मात्र एवढा दम धरत नाही.

म्हणून आधी वर्षभराचा घरखर्च आणि निवृत्तीची शिल्लक बाजूला काढा, त्याला हात नाही. उरलेल्याची फार तर निम्मी रक्कम सिनेमाला, तीही बुडाली असं धरूनच. त्यातला निदान ४० टक्के भाग शूटिंगनंतरसाठी राखा. पैसे पुरत नसतील तर पटकथेतली लोकेशन्स कमी करा. नोकरीतून बिनपगारी रजा मागा. मिळालीच नाही, तर सुट्ट्यांच्या दिवशी तुकड्यातुकड्यांनी शूट करा. आणि दिग्दर्शकाचं मानधन शून्य का लिहिलंय? नंतर घेईन म्हणा, पण आकडा घाला, नाहीतर हिशेबात तुमचं येणंच उभं राहत नाही.

एक राहिलंच. पत्रात पत्नीच्या कमाईचा उल्लेख आहे, मताचा नाही. हे बजेट त्यांनी पाहिलंय का?